इंग्रजी पुस्तकाची गोडी
(मंडळाच्या वर्धापनदिनी चोरखमारा येथे केलेले भाषण)



"बाई, आता या वयात इंग्रजी पुस्तक कशाला? आपल्याला काय परीक्षा द्यायची आहे?" असे मला पुष्कळजणी विचारतात. माझे उत्तर असे, की परीक्षा द्यायची नाही म्हणूनच वाचावे. शाळेत आपण इंग्रजी शिकलो ते मार्कांसाठी. शब्दार्थ पाठ केले, उत्तरे उतरवून काढली, आणि लग्न ठरले तसे ते पुस्तक रद्दीत गेले. गोडी लागायला सवडच मिळाली नाही.

गोडी लागते कशी, याचा दाखला आपल्या शेजारीच आहे. आपल्या गावाजवळचे नागझिऱ्याचे रान १९७० साली अभयारण्य झाले. त्या रानात राहून व्यंकटेश माडगूळकरांनी 'नागझिरा' हे पुस्तक लिहिले. माडगूळकर १९२७ साली माडगूळ या खेड्यात जन्मले. त्यांचे शालेय शिक्षण पुरे झाले नाही. पण इंग्रजीतले साहित्य वाचायचे या ओढीने ते आपले आपण इंग्रजी शिकले. आधी ओढ, मग भाषा. आपण मात्र उलटे समजून बसतो, की आधी भाषा पक्की व्हावी आणि मग पुस्तक उघडावे. असे म्हणणाऱ्याचे पुस्तक कधीच उघडत नाही.

म्हणून माझे सांगणे एवढेच, की ओळखीच्या विषयापासून आरंभ करावा. माझा आरंभ सलीम अलींच्या पक्ष्यांवरील पुस्तकाने झाला. ते १९४१ साली प्रथम निघाले. त्यात खंड्याचे चित्र होते. आपल्या तलावावर तो रोज दिसतो. इंग्रजीत त्याला 'किंगफिशर' म्हणतात. 'किंग' म्हणजे राजा, 'फिशर' म्हणजे मासे धरणारा. दोन ओळखीचे शब्द जुळले आणि तिसरा पाठ न करता कळला! पक्षी पाहिलेला असल्यामुळे वर्णनातले निम्मे आधीच ठाऊक होते. उरलेले निम्मे तेवढे इंग्रजीने शिकविले.

दुसरी युक्ती अशी. 'बनगरवाडी' आपल्यापैकी अनेकींनी वाचली आहे. तिचे इंग्रजी भाषांतर राम देशमुखांनी 'द व्हिलेज हॅड नो वॉल्स' या नावाने केले, ते १९५८ साली निघाले. गोष्ट ठाऊक असली म्हणजे माणूस वाट चुकत नाही. शब्द अडला तर थांबू नये, पुढे जावे. तोच शब्द तिसऱ्यांदा भेटला तर कोश उघडावा. रोज दोनच पाने वाचावीत, पण मोठ्याने वाचावीत. कानाला सवय झाली की डोळा भीत नाही.

आता वेळेचे. रोवणीच्या दिवसांत कोणाला उसंत नसते, हे मी जाणते. पण वेळ असतानाही हात आखडतो, त्याचे कारण निराळे आहे. रमाबाई रानडे यांना न्यायमूर्तींनी घरी शिकविले, पुढे मिस हरफर्ड यांनी इंग्रजी शिकविले. त्यापायी घरातल्या बायकांची किती बोलणी खावी लागली, ते रमाबाईंनी १९१० सालच्या 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' या पुस्तकात लिहून ठेवले आहे. तशी बोलणी आज कमी झाली. परंतु पुरुष वर्तमानपत्र घेऊन बसला तर तो जाणता, आणि बाई पुस्तक घेऊन बसली तर ती रिकामटेकडी, ही नजर अजून गेलेली नाही. ती घालविणे आपल्याच हाती आहे. सुनेच्या हाती पुस्तक दिसले तर सासूने तिला हाक मारण्याआधी पान संपू द्यावे.

मंडळाला माझी एक सूचना आहे. आपल्या कपाटात 'बनगरवाडी' दोन्ही भाषांत ठेवावी आणि दर शनिवारी चारजणींनी मिळून दोन पाने वाचावीत. पहिले पान वाचायला मी बसेन. उरलेल्या तिघींनी आजच नावे द्यावीत.