पत, पेढी आणि बँक



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, त्यांच्याजवळ मी व्यापारी गणित शिकलो. व्याज, वटाव, दलाली यांची उदाहरणे फळ्यावर सोडवून झाली की ते आमच्याकडे वळून विचारीत, ''उत्तर बरोबर आले. पण या माणसाने त्या माणसाला पैसे दिलेच का?'' त्या वयात हा प्रश्न आम्हांला गणिताबाहेरचा वाटे. आज मात्र असे वाटते की व्यापाराचे आणि देशाच्या आर्थिक उन्नतीचे सारे शास्त्र त्या एका प्रश्नात सामावलेले आहे. आज त्याच प्रश्नाचा विचार बडोद्याच्या आधाराने करावा, असा माझा मानस आहे.

आपली शाळा पाणीगेटला, म्हणजे जुन्या तटबंदीच्या पूर्व दरवाजापाशी आहे. येथून सरळ पश्चिमेला गेले की मांडवी लागते. मांडवी या शब्दाचा अर्थच जकातीची जागा. वेशीतून माल आत येई, त्याची मोजदाद होई आणि तो बाजारात जाई. परंतु मालाच्या आधी एक अदृश्य वस्तू वेशीतून ये-जा करीत असे. ती म्हणजे व्यापाऱ्याची पत.

ही पत सांभाळण्याचे काम पेढ्यांचे होते. हरिभक्तींची पेढी, गोपाळराव मैराळांची पेढी ही नावे बडोद्याच्या इतिहासात राज्यकारभाराशी जोडलेली आहेत. फौजेचा पगार द्यायचा असो वा रयतेकडून वसूल होण्यापूर्वीच सरकारला रक्कम हवी असो, गायकवाड सरकारला सावकारांकडे वळावे लागे. सामान्य व्यापार चाले तो हुंडीवर. दर्शनी हुंडी दाखवताच वटे, मुदती हुंडी ठरल्या दिवशी वटे. बडोद्यात लिहिलेल्या कागदावर दूरच्या शहरात पैसे मिळत, आणि ते देणाऱ्या आडत्याने लिहिणाऱ्याला कित्येकदा पाहिलेलेही नसे. मग तो पैसे का देई? कारण हुंडी न सकारली तर त्या घराण्याची पत सर्व बाजारपेठांत एकाच वेळी जाई, आणि जातीत, लग्नकार्यात, देवळाच्या पंचांत मान खाली घालावी लागे. न्यायालयाचा हात जेथे पोचत नव्हता तेथे हा धाक पोचत होता. दूरदेशीचा व्यापार जगात सर्वत्र प्रथम अशाच ओळखीच्या जाळ्यांवर उभा राहिला.

पण हुंडीचा आणखी एक प्रकार होता, शाहजोग हुंडी. तिचे पैसे 'शाह' माणसालाच, म्हणजे बाजारात मान्यता पावलेल्या व्यापाऱ्यालाच मिळत. चोरीस गेलेली हुंडी भलत्याने वटवू नये म्हणून ही उत्तम तजवीज होती. तिच्यातच या व्यवस्थेची मर्यादाही दिसते. जो शाह नाही, ज्याला कोणी शाह ओळखत नाही, त्याने काय करावे? कोष्ट्याच्या, सुताराच्या, कारकुनाच्या हुशार मुलाला या वेशीतून आत कोणी घ्यावे? ओळखीचे जाळे आतल्या माणसाला तारते; बाहेरच्याला तेच भिंतीसारखे भासते.

सयाजीराव महाराजांच्या कारकिर्दीचे मोठेपण मला या ठिकाणी दिसते. १८९० साली त्यांनी कलाभवन स्थापन केले. त्याचे पहिले प्रमुख प्रा. त्रिभुवनदास गज्जर हे रसायनशास्त्राचे अध्यापक. रंगकाम, विणकाम, सुतारकाम हे धंदे बापाकडून मुलाकडे जात. ते येथे वर्गात, शास्त्राच्या आधाराने शिकवले जाऊ लागले. १९०७ साली ॲलेम्बिक केमिकल वर्क्स निघाली, तेव्हा गज्जरांबरोबर कोटिभास्कर आणि भाईलाल अमीन ही नावे होती. एक गुजराती कारागीर ज्ञातीतील प्राध्यापक, एक मराठी रसायनज्ञ आणि एक पाटीदार तरुण यांना एकत्र आणणारी गोष्ट नातेसंबंध किंवा पेढी नव्हती. ती प्रयोगशाळा होती.

पुढच्याच वर्षी, २० जुलै १९०८ रोजी, बँक ऑफ बडोदाची स्थापना झाली. वसूल भांडवल दहा लाख रुपये. मूळ स्थान मांडवी. संस्थापकांत महाराजांचे बंधू संपतराव गायकवाड, अमेरिकन अर्थतज्ज्ञ राल्फ व्हाइटनॅक, मुंबईचे गिरणीमालक विठ्ठलदास ठाकरसी आणि लल्लुभाई सामळदास होते. पेढीवर पूर्वी घराण्याचे नाव असे, बँकेवर शहराचे नाव आले. १९१३ नंतर देशातील अनेक स्वदेशी बँका बुडाल्या, त्या पडझडीत ही बँक टिकली. व्यापाऱ्यांचे जाळे, राज्याचा पाठिंबा आणि परक्याचे ज्ञान ही तिन्ही एकत्र आली, तेव्हा घराण्याची पत सार्वजनिक झाली.

हीच माणसे पुढे आणखी मोठ्या कामात भेटतात. सिंधिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनी १९१९ साली निघाली, तेव्हा सोलापूरचे वालचंद हिराचंद आणि नरोत्तम मोरारजी यांच्याबरोबर लल्लुभाई सामळदास होते. त्याच वर्षी ५ एप्रिलला 'लॉयल्टी' ही आगबोट मुंबईहून लंडनला निघाली. ब्रिटिश कंपन्यांनी भाड्याचे दर पाडून या नव्या कंपनीला जेरीस आणले. उद्यमशीलता होती, भांडवल होते, मित्रही होते. पण परराज्यात सरकार पाठीशी नव्हते. बडोद्यात जे साधले ते समुद्रावर इतके कठीण का झाले, याचे उत्तर येथे मिळते.

आता समुद्रापलीकडे जाऊ. मोंबासापासून व्हिक्टोरिया सरोवरापर्यंतची युगांडा रेल्वे १८९६ ते १९०१ या काळात बांधली गेली, आणि तिच्यामागोमाग आपल्याकडचा दुकानदार आफ्रिकेच्या अंतर्भागात शिरला. कच्छच्या अलीदिना विश्राम यांनी तेथे दुकानांची साखळी उभारली. नानजी कालिदास मेहता यांनी युगांडात साखरेचा कारखाना काढला. स्वाहिलीत दुकानाला 'दुका' म्हणतात, तो आपल्या 'दुकान' शब्दाचाच सोयरा. या प्रवाहात चरोतरचे पाटीदार मोठ्या संख्येने होते, आणि चरोतरातील पेटलाद महाल बडोदे राज्यात होता. सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचा प्रयोग राज्याने १८९३ साली अमरेलीत केला आणि १९०६ पासून तो राज्यभर लागू केला. गावातून गेलेल्या तरुणाला पत्र लिहिता येत होते, वही ठेवता येत होती, रेल्वेत कारकुनी मिळत होती. भाऊ भावाला बोलावी, तो मेव्हण्याला. त्या जाळ्याचा पहिला धागा शाळेच्या पाटीवर काढला गेला होता, असे मी मानतो.

बँक ऑफ बडोदाने १९५३ साली परदेशातील आपल्या पहिल्या शाखा मोंबासा आणि कंपाला येथे उघडल्या, आणि १९५७ साली लंडन येथे. माणसे आधी गेली, बँक मागाहून गेली. पण १९७२ साली इदी अमीनने आशियाई लोकांना नव्वद दिवसांत देश सोडण्यास फर्मावले. त्या अन्यायाचे समर्थन होऊ शकत नाही. तरीही त्यातून एक गोष्ट शिकावी लागते. जे जाळे स्वतःपुरते विणले जाते, ज्यात शेजारच्या स्थानिक मुलाला गल्ल्यावर जागा नसते, ते श्रीमंत असूनही एकाकी असते. आणि एकाकी संपत्तीवर बोट ठेवणे हुकूमशहाला सोपे जाते.

आता थोडे आपल्याविषयी. बडोद्यातील मराठी मंडळी बहुतांशी राज्यकारभाराच्या निमित्ताने येथे आली. जाळे आपलेही होते. पण ते नोकरीचे होते. कोणत्या खात्यात जागा निघाली, ही वार्ता आपल्यात वाऱ्यासारखी पसरे. कोणत्या मालाला कोठे गिऱ्हाईक आहे, ही वार्ता मात्र आपल्या ओटीवर कधी येत नसे. कलाभवनात शिकलेल्या दादासाहेब फाळक्यांना १९१२ साली चित्रपटाच्या यंत्रसामग्रीसाठी लंडनला जायचे होते, तेव्हा त्यांनी विम्याची पॉलिसी तारण ठेवली. त्यांच्या कर्तबगारीला त्रिवार वंदन. परंतु ज्या समाजात उद्योजकाला पैशासाठी स्वतःचे आयुष्यच तारण ठेवावे लागते, तेथे फाळके शतकातून एखादाच निपजतो.

माझ्या घरची एक गोष्ट सांगतो. माझा आतेभाऊ याच शाळेत शिकला, पुढे कारखान्यात फिटर झाला. त्याला स्वतःचा लेथ घ्यायचा होता. कर्जाला दोन जामीन हवे होते. आमच्या कुटुंबात पगारदार माणसे सहा-सात. त्यांत माझे वडीलही. प्रत्येकाने त्याला चहा दिला, धंद्यातले धोके समजावले आणि सही मात्र नाकारली. पहिली सही केली आमच्या पोळीतल्या गुजराती लोखंडवाल्याने, ज्याच्याकडून तो सुटीत काम शिकला होता. दुसरी सही गुजराती नव्हती, नातलगाचीही नव्हती. ती आपल्या गुरुजींची होती. शिक्षकाच्या तुटपुंज्या पगारावर तीन मुलींची लग्ने व्हायची होती, तेव्हाची ही गोष्ट. कर्ज मुदतीत फिटले. वडील अखेरच्या आजारात मला म्हणाले, ''त्या कागदावर माझी सही हवी होती रे.'' त्यांना हिशेब येत होता. गुरुजींचा प्रश्न मात्र त्यांनी स्वतःला वेळेवर विचारला नव्हता.

म्हणून माजी विद्यार्थ्यांना माझी विनंती आहे. शाळेला देणगी जरूर द्या, पंखे आणि बाके हवीतच. पण आपल्यापैकी ज्यांचे कारखाने आहेत, जे परदेशी माल पाठवतात, जे बँकेत अधिकारी आहेत, त्यांनी येथून बाहेर पडणाऱ्या मुलाला आणि मुलीला तीन गोष्टी द्याव्यात: कामावर शिकण्याची जागा, एका चांगल्या व्यापाऱ्याशी ओळख आणि पहिली छोटी ऑर्डर. ती देताना त्याचे आडनाव आणि मातृभाषा विचारू नये. काम मात्र कसून तपासावे. शाळेचा दाखला हा अशा मुलांसाठी शाहजोग हुंडी व्हावा, ज्याला घरची पेढी नाही त्याला या शाळेच्या नावाने बाजारात उभे राहता यावे, एवढेच मागणे आहे.

पाणीगेटचा जुना दरवाजा बंद होण्याचे दिवस केव्हाच गेले. आपल्या मनातील वेस तेवढी उघडी ठेवू या.