फ्रान्झ ऑस्टेन : म्युनिकपासून मालाडपर्यंत

फ्रान्झ ऑस्टेन याचे मूळ आडनाव ऑस्टरमायर. १८७६ साली म्युनिकमध्ये जन्मलेल्या या दिग्दर्शकाची सुरुवात घरच्या फोटोग्राफीच्या व्यवसायात झाली. १९०७ मध्ये धाकटा भाऊ पेटर याच्यासोबत त्याने फिरता सिनेमा काढला. आपल्याकडच्या जत्रांतल्या तंबू टॉकीजचाच तो जर्मन भाऊबंद. पुढे पेटर निर्माता झाला आणि त्याच्या कंपनीतून म्युनिकची मोठी चित्रसंस्था ‘एमेल्का’ उभी राहिली. ऑस्टेनने तिथे मूकपट केले.

याच एमेल्काकडे भारतीय निर्माते-अभिनेते हिमांशु रॉय बुद्धचरित्राची कल्पना घेऊन गेले. यंत्रे आणि तंत्रज्ञ जर्मन, नट आणि स्थळे भारतीय असा करार झाला. १९२५ चा ‘प्रेम संन्यास’ स्टुडिओतल्या सेटशिवाय चित्रित झाला आणि बुद्धाची भूमिका स्वतः रॉय यांनी केली. ताजमहालाची कथा सांगणारा ‘शिराज’ (१९२८) आणि महाभारतातील द्यूतावर बेतलेला ‘प्रपंच पाश’ (१९२९) हे त्यानंतरचे. या तिन्ही चित्रपटांत राजवाडे, हत्ती आणि मिरवणुका भरपूर आहेत. युरोपीय प्रेक्षकाला हवा असलेला ‘पूर्वेचा’ थाट ऑस्टेनने पुरवला, हे नाकारता येत नाही. मात्र गर्दीची दृश्ये बांधण्यातली त्याची हुकमत आजही जाणवते.

बोलपटाने सगळेच बदलले. १९३४ मध्ये रॉय आणि अभिनेत्री देविका राणी यांनी मुंबईत मालाडला बॉम्बे टॉकीज ही चित्रसंस्था स्थापन केली. तिथे ऑस्टेनबरोबर छायाचित्रकार योसेफ विर्शिंग आणि नेपथ्यकार कार्ल फॉन श्प्रेती हेही आले. हिंदी न येणारा माणूस हिंदी बोलपट कसा दिग्दर्शित करणार? संवादांची बाजू निरंजन पाल यांच्यासारख्या लेखकांवर सोपवलेली असे. ऑस्टेन बघे तो चेहरा, हालचाल आणि दृश्याची लय. त्याचा अंदाज मात्र नेहमीच बरोबर ठरला असे नाही. प्रयोगशाळेत काम करणारे अशोक कुमार नायक म्हणून त्याला पसंत नव्हते. रॉय यांनी त्यांना ‘जीवन नैया’त (१९३६) उभे केलेच.

त्याच वर्षीचा ‘अछूत कन्या’ हे ऑस्टेनचे सर्वांत गाजलेले काम. रेल्वे फाटकाच्या रखवालदाराची मुलगी आणि ब्राह्मण तरुण यांची ही शोकांतिका; संगीत सरस्वती देवींचे. प्रभात फिल्म कंपनीचा ‘संत तुकाराम’ही याच वर्षीचा. दोन्हींत जातीचा प्रश्न आहे, पण तुकारामाचे देहू मातीतून उगवल्यासारखे वाटते, तर ऑस्टेनचे खेडे स्टुडिओतले, नीटनेटके आणि थोडे परीटघडीचे दिसते. विलक्षण बाब अशी, की अस्पृश्यतेवर चित्रपट करणारा हा दिग्दर्शक १९३६ मध्येच नाझी पक्षाचा सदस्य झाला होता. त्याच्या चित्रपटांत त्या विचाराची छाया शोधूनही सापडत नाही.

‘इज्जत’, ‘सावित्री’, ‘निर्मला’, ‘भाभी’, ‘दुर्गा’ असे सामाजिक आणि पौराणिक चित्रपट झपाट्याने निघाले. शेवटचा ‘कंगन’ (१९३९), नायिका लीला चिटणीस. त्याचे काम चालू असतानाच दुसरे महायुद्ध पेटले आणि शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून इंग्रज सरकारने ऑस्टेनला अटक केली. वयामुळे त्याची सुटका होऊन तो जर्मनीला परतला आणि १९५६ मध्ये बव्हारियातील बाड आयब्लिंग इथे वारला. विर्शिंगला मात्र युद्ध संपेपर्यंत छावण्यांत काढावे लागले. पुढे तो भारतातच राहिला आणि ‘महल’ आणि ‘पाकीजा’चा बराचसा भाग त्याच्याच कॅमेऱ्याने टिपला.