समुद्रसपाटीखालचा देश

(एका व्याख्यानमालेतील भाषणाचा संपादित भाग)



सामान्य ज्ञानाच्या पुस्तकांत एक प्रश्न हमखास आढळतो : ज्याचा मोठा भाग समुद्रसपाटीच्या खाली आहे, असा युरोपातील देश कोणता? विद्यार्थी 'हॉलंड' असे उत्तर लिहितो, त्याला गुण मिळतो आणि विषय तेथेच संपतो. वास्तविक हॉलंड हे त्या देशाचे नावच नव्हे. नेदरलँड्सच्या बारा प्रांतांपैकी उत्तर हॉलंड व दक्षिण हॉलंड हे दोन प्रांत. व्यापारामुळे जगाला त्यांचा परिचय आधी झाला आणि त्यांचे नाव साऱ्या देशाला चिकटले. 'नेदरलँड्स' या शब्दाचा अर्थ मात्र 'सखल प्रदेश' असाच आहे. देशाची सुमारे २६ टक्के भूमी समुद्रसपाटीच्या खाली असून आणखी २९ टक्के भूमीला पुराचा धोका आहे. हे आकडे पाठ करणे सोपे आहे. अशा भूमीवर पावणेदोन कोटींहून अधिक माणसे कशाच्या भरवशावर निर्धास्त झोपतात, हा खरा प्रश्न आहे.

बांधाला पडलेल्या भोकात बोट घालून रात्रभर बसून राहिलेल्या डच मुलाची गोष्ट आपल्यापैकी अनेकांनी वाचली असेल. ती गोष्ट मुळात डच नाही. मेरी मेप्स डॉज या अमेरिकन लेखिकेच्या १८६५ साली प्रसिद्ध झालेल्या कादंबरीने ती जगभर नेली. मातीचा बांध भिजून आतून ढिला होतो आणि मग खचतो; तो एका बोटाने थोपवता येत नाही. शिवाय एकट्याने बांध राखण्याची कल्पना डच इतिहासाच्या अगदी विरुद्ध आहे.

त्या देशात स्वतंत्र राष्ट्र जन्माला येण्यापूर्वीच, म्हणजे तेराव्या शतकापासून, जलमंडळे अस्तित्वात आली. बांधाच्या आड ज्याची जमीन, त्याच्यावर बांधाच्या ठरावीक लांबीची देखभाल करण्याचे बंधन असे. मंडळाचे प्रतिनिधी बांधाची पाहणी करीत आणि हयगय करणाऱ्यास दंड ठोठावीत. ज्याला हे ओझे पेलवत नसे, तो आपले फावडे बांधात रोवून जमीन सोडून निघून जाई. जो कोणी ते फावडे उपसून घेई, त्याच्याकडे ती जमीन जाई आणि बांधाची जबाबदारीही. कायद्याची इतकी स्पष्ट भाषा क्वचितच आढळते! आजही अशी २१ जलमंडळे तेथे काम करीत आहेत. दर चार वर्षांनी त्यांच्या निवडणुका होतात आणि त्यांना स्वतःचा कर बसविण्याचा अधिकार आहे.

या व्यवस्थेच्या आधारावर डच लोकांनी तळी आणि खाड्या उपसून नवी भूमी मिळविली. अशा भूमीला ते पोल्डर म्हणतात. ॲमस्टरडॅमच्या व्यापाऱ्यांनी भांडवल पुरविले आणि चाळीसहून अधिक पवनचक्क्यांच्या साहाय्याने बेम्स्टर हे विस्तीर्ण सरोवर १६१२ साली कोरडे झाले. पुढे वाफेची यंत्रे आली व १८५२ पर्यंत हार्लेमचे सरोवरही आटले. या सरोवरात १५७३ साली स्पॅनिश व डच नौकांचे युद्ध झाले होते. आज त्याच तळावर स्किफोल विमानतळ उभा आहे.

परंतु या विजयात एक मोठी मेख आहे. पश्चिमेकडील बरीचशी जमीन म्हणजे कुजलेल्या वनस्पतींची स्पंजासारखी माती. तिच्यातील पाणी काढले की ती सुकते, हवेच्या संपर्काने तिचे विघटन होते आणि ती खचते. जमीन खचली की पाणी पुन्हा वर दिसू लागते, म्हणून उपसा वाढवावा लागतो. उपसा वाढला की जमीन आणखी खचते. देश समुद्रसपाटीखाली गेला तो काही अंशी माणसाच्या या उद्योगामुळेच.

आता १९५३ सालाविषयी थोडे विस्ताराने सांगतो. कारण माहिती खात्यात काम करणाऱ्या माणसाला ती हकिकत विसरता येत नाही. ३१ जानेवारीला, शनिवारी, वायव्येकडून प्रचंड वादळ आले. त्यात उधाणाच्या भरतीची भर पडली. हवामानखात्याने सायंकाळीच धोक्याचा इशारा दिला होता. पण नभोवाणी मध्यरात्री बंद होत असे आणि ती त्या रात्रीही बंद झाली. सुट्टीचे दिवस असल्याने अनेक कार्यालयांत इशारा स्वीकारण्यास कोणी नव्हते. झीलंड प्रांतातील आणि दक्षिण हॉलंडच्या बेटांवरील खेडी झोपेत असताना बांध फुटले. १,८३६ माणसे मृत्युमुखी पडली. शास्त्र आपले काम करून चुकले होते. इशारा आणि माणूस यांच्यामधला दुवा मात्र तुटलेला होता.

दुसरी गोष्ट शासकीय सेवेत असल्यामुळे मी काहीशा संकोचाने सांगतो. योहान व्हान व्हेन हा त्यांच्या सार्वजनिक बांधकाम खात्यातील अभियंता. बांधांची उंची अपुरी आहे, असे तो महायुद्धाच्या आधीपासून सांगत होता. युद्धानंतर देशाची घडी बसविण्याच्या धडपडीत पैसा अन्यत्र लागला आणि इशारे दप्तरांतच राहिले. जलमंडळेही त्या वेळी अडीच हजारांच्या घरात होती. त्यांतील कित्येक इतकी लहान की त्यांना स्वतःचा बांध उंच करणे परवडत नसे. ज्या स्थानिक स्वायत्ततेचे मी आताच कौतुक केले, तिची ही दुसरी बाजूही लक्षात घ्यावयास हवी.

त्याच पहाटे नीवेरकर्क या गावाजवळील नदीच्या बांधाला भगदाड पडले. हा परिसर देशातील सर्वांत सखल, समुद्रसपाटीपासून सुमारे पावणेसात मीटर खाली; आणि बांधाआड लाखोंची वस्ती. गावच्या महापौराने आरी एव्हेग्रून या नावाड्याला त्याचे मालवाहू जहाज भगदाडात घालण्याची आज्ञा केली. बुडण्याचा धोका पत्करून त्याने ते नेले आणि प्रवाहाच्या जोराने ते दाराच्या फळीसारखे भगदाडावर बसले. गोष्टीतल्या मुलापेक्षा हा प्रौढ नावाडी मला अधिक मोलाचा वाटतो. जहाज त्याचे पोटापाण्याचे साधन होते.

महिना पुरा होण्याच्या आतच सरकारने समिती नेमली आणि व्हान व्हेन तिचा सचिव झाला. तिच्या शिफारशींतून साकारलेली 'डेल्टा योजना' १९९७ पर्यंत चालली. तिच्यातील पूर्व स्केल्ट खाडीचे प्रकरण लक्षणीय आहे. ती खाडी बंधाऱ्याने कायमची बंद करावयाचे ठरले होते. शिंपले व कालवे यांवर उपजीविका करणाऱ्या मच्छीमारांनी आणि निसर्गप्रेमींनी विरोध केला. अखेर आराखडा बदलून ६२ पोलादी दरवाजांची रचना १९८६ साली पुरी झाली. भरती-ओहोटी एरवी चालू राहते. दरवाजे खाली येतात ते वादळात. खर्च बराच वाढला, पण खाडी जिवंत राहिली.

यानंतर संकट आले ते नद्यांकडून. १९९५ साली पुराच्या भीतीने सुमारे अडीच लाख लोकांना घरे सोडावी लागली. तेव्हा बांध किती उंच करीत जावयाचे, असा प्रश्न त्या देशाने स्वतःला विचारला आणि शतकानुशतकांच्या सवयीविरुद्ध निर्णय घेतला : नदीला जागा परत द्यावयाची. काही ठिकाणी बांध मागे सरकविले, काही ठिकाणी ठेंगणे केले. ब्राबांट प्रांतातील ओव्हरडीप या पोल्डरमध्ये शेतकऱ्यांनीच पर्याय सुचविला. मातीचे उंचवटे रचून त्यांवर घरे व गोठे न्यावेत आणि मोठा पूर आल्यास शेते पाण्याखाली जाऊ द्यावीत. काही कुटुंबे उंचवट्यांवर राहिली, तर काहींना पिढ्यान्पिढ्यांची जमीन सोडावी लागली.

बांध अस्तित्वात येण्यापूर्वी उत्तर किनाऱ्यावरील लोक असेच उंचवटे रचून राहत. पहिल्या शतकात रोमन लेखक प्लिनीने त्यांचे वर्णन करून ठेवले आहे. २०२१ च्या जुलैत म्यूझ नदीच्या खोऱ्यात अतिवृष्टी झाली, तेव्हा शेजारच्या जर्मनी व बेल्जियममध्ये दोनशेहून अधिक माणसे दगावली. नेदरलँड्सच्या लिम्बर्ख प्रांतात नुकसान मोठे झाले, घरे-दुकाने चिखलाने भरली. परंतु पुरात एकही मनुष्य दगावला नाही.