नावडती आणि मियो

श्रोतेहो, श्रावणी सोमवारच्या शिवामुठीची कहाणी आपल्याकडे घरोघर वाचतात. राजाच्या चार सुना. तिघी आवडत्या, एक नावडती. तिला उष्टेमाष्टे अन्न, जाडेभरडे वस्त्र, निजायला गुरांचा गोठा. रानात नागकन्या, देवकन्या भेटतात, वसा सांगतात. पुढे देऊळ सोन्याचे होते आणि सासऱ्याचे मन पालटते. सासऱ्याचे पालटले, पण त्या पोरीच्या मनाचे काय झाले? कहाणी तिथे गप्प आहे.

तिथूनच पुढे बोलणारी एक गोष्ट जपानात लिहिली गेली. अकुमी आगितोगी यांची ही कादंबरीमाला 2019 पासून पुस्तकरूपाने येऊ लागली. ‘माझे सुखी लग्न’ अशा अर्थाचे तिचे नाव. 2023 साली तिच्यावर चित्रपट आणि चित्रमालिकाही निघाली. काळ साधारण शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीचा, पण काही घराण्यांच्या अंगी अलौकिक शक्ती. रात्रभर दशावतार पाहणाऱ्या कुडाळकरांना त्याचे नवल वाटायला नको!

मियोला सावत्र आई आहे. स्वतःच्या घरात ती मोलकरणीसारखी राबते; बाप बघूनही बघत नाही. तिचे लग्न ठरते कियोका नावाच्या लष्करी अधिकाऱ्याशी. निष्ठुर म्हणून त्याची ख्याती. पहिल्या सकाळी मियो न्याहारी रांधते, तर विषाचा संशय घेऊन तो पान तसेच टाकून जातो. ती उलट त्याचीच माफी मागते. काही विचारा, आधी माफी. पुढे तो तिच्या हातचे खातो, चांगले झाले म्हणतो, तेव्हा तिला रडू येते. मग तो एक फणी आणून देतो. ती त्याच्यासाठी केस बांधायची दोरी विणते. बस्स, इतकेच. प्रेमाची भाषा फार उशिरा येते, आणि ते बरोबरच आहे. ज्याने लहानपणापासून शिव्याच खाल्ल्या, त्याला गोड शब्दाचीही भीती वाटते. यामागे काय डाव आहे, असे वाटते. तीच माणसे रोज तशीच वागली, तर कुठे विश्वास बसतो.

पुढे मियोच्याही अंगी मोठी शक्ती निघते. हे मला रुचले नाही. शक्ती नसती, तर तिला सुखाने जेवायचा हक्क नव्हता काय?

गुरुजनहो, प्रश्न विचारण्याआधीच ‘चुकलो’ म्हणणारे मूल तुमच्या वर्गात असेल. त्याला चारचौघांत खोदून विचारू नका. फळा पुसायला सांगा, रोज नावाने हाक मारा. मारहाणीची खूण दिसली, तर मात्र थांबू नका. 1098 हा मुलांसाठीचा दूरध्वनी आहे, बायकांसाठी 181. आणि 2005 चा घरगुती हिंसाचाराचा कायदा सुनेपुरताच नाही. लेक, बहीण, आई यांनाही त्याचा आधार आहे.

मियोशी त्या घरात पहिल्यांदा मायेने बोलली ती युरिए, घर सांभाळणारी म्हातारी. नात्याची ना गोत्याची. रानातल्या नागकन्या तरी नावडतीच्या कोण होत्या?