चिंचेखाली पडलेली स्कायलॅब

व्यासपीठावरील मान्यवर, माझ्या बाई, शिपाईमामा आणि मुलांनो,

मुख्याध्यापकांनी मला ‘स्मरणशक्ती कशी वाढवावी’ यावर बोलायला सांगितलंय. माझ्या अभ्यासाचाच तो विषय. पण फाटकातून आत आलो आणि आधी चिंच दिसली.

१९७९ सालचा जुलै. मी दुसरीत. स्कायलॅब नावाची ७७ टनांची अमेरिकी अवकाश प्रयोगशाळा कोसळणार, कुठे ते कुणालाच ठाऊक नाही. सणवार नसताना आजीनं पुरण घातलं. “डाळ उरवून करायचंय काय?” म्हणाली. आम्ही डोक्यावर पाटी धरून शाळेत यायचो. आणि मला स्वच्छ आठवतं, स्कायलॅब या चिंचेखाली पडली. लांबट, गंजलेली, अर्धी चिखलात रुतलेली. मी बोट लावलं तर गार लागली. मग मामांनी ती खांद्यावर घेतली आणि परत आभाळात टांगली.

खरं तर ११ जुलैला तिचे तुकडे हिंदी महासागरात आणि पश्चिम ऑस्ट्रेलियात एस्परन्सच्या आसपास पडले. आठवण काढली की मेंदू ती दर वेळी नव्यानं जुळवतो, मधल्या जागा ऐकीव गोष्टींनी भरतो. शास्त्र एवढंच सांगतो, कारण उरलेलं मघाशी चहा घेताना मामांनी सांगितलं. “अरे, ती आपली घंटा! रुळाचा तुकडा. पावसात तार तुटली नि खाली आली. तू तिथंच उभा होतास.”

मुलांनो, विचारा आणि लिहून ठेवा. आजच विचारा. रोज चार ओळी, वर तारीख. आठवण कितीही चमत्कारिक वाटली तरी खोडू नका, आणि घरातल्या मोठ्यांना विचारायचं उद्यावर टाकू नका. मी टाकलं. त्या पोळ्या आजीनं स्वतः घाबरून केल्या, की आम्ही घाबरू नये म्हणून, हे मला आता कधीच कळणार नाही. म्हणून पुन्हा सांगतो, विचारा आणि लिहून ठेवा.

बाई, त्या आठवड्यात तुम्ही आम्हाला बाकाखाली बसवून पाढे म्हणवून घेतले होते. भीती जावी म्हणून मोठ्यानं, आणि तुम्हीही आमच्याबरोबर खाली बसला होता. असंच झालं होतं ना? कार्यक्रम संपला की वही घेऊन तुमच्याजवळ येऊन बसतो.