बंदुकीचे आटे



जपानी शस्त्रांचे नाव काढले की श्रोत्यांच्या डोळ्यांपुढे तलवार उभी राहते. तिच्यावर बोलणारे पुष्कळ आहेत. आम्ही बोलणार आहोत बंदुकीवर, आणि तेही ती घडवणाऱ्याच्या बाजूने. आमचे शिक्षण लेथपाशी झाले. दुसरी बाजू आम्हांला साधायचीही नाही.

१५४३ साली जपानच्या दक्षिणेकडील तानेगाशिमा बेटावर एका चिनी जहाजातून काही पोर्तुगीज उतरले. त्यांच्याजवळ तोड्याच्या बंदुका होत्या. बेटाचा तरुण सरदार तोकिताका याने त्यांतल्या दोन विकत घेतल्या आणि याइता किम्बेए या लोहाराला तशीच घडवायला सांगितले. लोखंडाची नळी वळवणे त्याला जड नव्हते. अडले ते नळीच्या मागच्या तोंडाशी. दारू पेटली की धक्का मागेही बसतो. तोंड नुसते ठोकून बुजवले तर बूच नेम धरणाऱ्याच्या कपाळात! शिवाय नळी साफ करायला ते उघडताही आले पाहिजे. पोर्तुगीजांच्या बंदुकीत तेथे आट्यांचा खिळा होता. खिळ्यावरचे आटे डोळ्यांना दिसतात, कानशीने घासून काढता येतात. नळीच्या आतले कसे पाडायचे? मळसूत्राची विद्या तेथल्या लोहाराला ठाऊकच नव्हती. पुढच्या वर्षी आलेल्या जहाजावरच्या एका परदेशी लोहाराने ती शिकवली, असे तिकडची जुनी बखर सांगते. लोककथा आणखी पुढे जाते. या विद्येच्या मोबदल्यात किम्बेएने आपली मुलगी वाकासा त्या परक्याला दिली म्हणे. कथेची खातरी कोण देणार? पण कारागिराच्या एका युक्तीचे मोल लोकांच्या मनात केवढे होते, आणि ते कोणाकडून वसूल झाले, हे तीत दिसते.

मग साकाइ आणि कुनितोमो येथे बंदूककारांच्या वस्त्या वाढल्या. १५७५ साली नागाशिनोच्या लढाईत ओदा नोबुनागाच्या बंदूकवाल्या पायदळाने ताकेदांचे सैन्य मोडले. तीन रांगांनी आळीपाळीने बार काढले, हे प्रसिद्ध चित्र आजचे इतिहासकार फारसे मानीत नाहीत. आम्हांला महत्त्वाचे वाटते ते हे की, बंदूक धरणारा साधा प्यादा होता. ही गोष्ट हिदेयोशीने ओळखली. तो स्वतः खालच्या थरातून वर आलेला. १५८८ साली त्याने शेतकऱ्यांच्या तलवारी, भाले, बंदुका काढून घेतल्या. सांगितले काय, तर या लोखंडाचे खिळे बुद्धमंदिराला लागतील, तुमचे परलोकी कल्याण होईल!

पुढे तोकुगावांच्या अमलात जपानने बंदूक टाकून दिली, असा एक समज आहे. तो खरा नाही. रानडुकरे हाकायला खेडोपाडी बंदुका होत्या. त्यांची नोंद होई, एवढेच. मात्र लढाया थांबल्या आणि कुनितोमोचे काम आटले. तेथल्याच इक्कान्साइ नावाच्या बंदूककाराने आरशाची दुर्बीण बनवून १८३५ साली सूर्यावरचे डाग पाहिले. कारागिराला दुसरे काम मिळाले की त्याचा हात कोठवर जातो, पाहा.

मेइजी काळात बंदूक सरकारी कारखान्यात गेली. १८८० ची मुराता, १८९७ आणि १९०५ च्या आरिसाका ही नावे अधिकाऱ्यांची आहेत. कामगाराचे नाव एकीवरही नाही. १९४० साली तेथल्या कामगार संघटना मोडीत निघाल्या आणि त्यांच्या जागी उद्योगातून राष्ट्रसेवेचा सरकारी संघ आला. मालक-मजूर एकाच घरातले, हे त्याचे म्हणणे. असले घर आमच्या परिचयाचे आहे.

त्या घराचा हिशेब युद्धाच्या अखेरच्या बंदुकांवर वाचता येतो. १९३९ च्या नमुन्यात नळीला आतून क्रोमचा मुलामा असे, तो गेला. दस्त्यामागच्या लोखंडी पत्र्याऐवजी लाकडाची फळी आली. हत्याराचे ओरखडे तसेच राहू लागले. कारखान्यांत शाळकरी मुलेमुली राबत होती. कोकुराच्या शस्त्रकारखान्यात मुली कागदावर कागद चिकटवून बाँब वाहणारे फुगे बनवीत. असे नऊ हजारांवर फुगे अमेरिकेकडे सोडले. ओरेगॉनमध्ये एक बाई आणि पाच मुले मेली.

९ ऑगस्ट १९४५ रोजी दुसऱ्या अणुबाँबचे पहिले लक्ष्य हाच कोकुराचा कारखाना होता. वर ढग आणि धूर होता, खालचे दिसेना. विमान नागासाकीकडे वळले. तेथेही मित्सुबिशीचा शस्त्रकारखाना होता, आणि सकाळच्या अकरा वाजता माणसे कामावर होती.