तसबिरीचा घोटाळा, मुक्यानं

‘संशयकल्लोळ’ नाटक पाहिलेल्या माणसाला तसबिरीचा महिमा ठाऊक असतो. भोवळ आलेल्या रेवतीजवळची अश्विनशेठची तसबीर खाली पडते, ती संशयी फाल्गुनरावाच्या बायकोच्या, कृत्तिकेच्या हाती लागते आणि संशयाला पाय फुटतात. गोविंद बल्लाळ देवलांनी मोलिएरवरून रचलेल्या या नाटकाच्या आधीच्या गद्य रूपाचं नावच होतं ‘फाल्गुनराव अथवा तसबिरीचा घोटाळा’.

हाच घोटाळा 1921 साली बस्टर कीटननं ‘द गोट’ या छोट्या मूकपटात घातला. डेड शॉट डॅन या अट्टल खुन्याचा पोलीस फोटो काढत आहेत. बाहेरून जाणारा बस्टर खिडकीच्या गजांतून सहज आत डोकावतो. नेमका तेव्हाच डॅन खाली वाकतो आणि फोटोत येतो गजांआडचा बस्टर! पुढं डॅन निसटतो. बक्षिसाच्या जाहिरातींवर मात्र बस्टरचा चेहरा झळकतो.

इथं रसिकानं थोडं थांबावं. फाल्गुनरावाचा संशय तोंडानं बोलतो, गातो. मूकपटात ती सोय नाही, म्हणून चूक कशी झाली हे प्रेक्षकाला आधी डोळ्यांनी दिसावं लागतं. आपल्याला सगळं ठाऊक, बस्टरला काहीच नाही. गाव त्याला पाहून का पळतंय, हे त्या गरिबाला उमगत नाही. त्याचा चेहरा जवळजवळ हलत नाही, आणि म्हणूनच आपलं हसू थांबत नाही. याच चित्रपटात तो भाकरीच्या रांगेत कपड्याच्या दुकानातल्या पुतळ्यांना माणसं समजून त्यांच्यामागं ताटकळतो. म्हणजे ओळखीत फसणारा तोही आहेच.

ओळखीचा असाच खेळ त्याआधी चॅप्लिननंही केला होता. त्याच्या ‘द फ्लोअरवॉकर’मध्ये, 1916 साली, दोन सारखे दिसणारे पुरुष समोरासमोर येतात आणि समोर आरसाच असल्यासारखे हालचाली करू लागतात.

आपल्याकडं दादासाहेब फाळक्यांनी ‘पिठाचे पंजे’ हा छोटा विनोदपट काढला होता. त्यांच्या 1917च्या ‘लंकादहन’मध्ये अण्णा साळुंक्यांनी राम आणि सीता, दोघंही साकारले. तो विनोद नव्हे. पण एकाच देहातून दोन माणसं वेगळी ओळखू यावीत, ही कसोटी तीच. आवाज नसताना चाल, मान आणि नजर यांवरच सगळा भार पडतो.

‘द गोट’ इंटरनेटवर सहज सापडेल. आधी मनसोक्त हसून घ्या. दुसऱ्यांदा पाहताना पार्श्वसंगीत बंद ठेवा आणि बस्टरऐवजी त्याला ‘ओळखणाऱ्या’ माणसांचे चेहरे पाहा.